चौदाव्या वर्षी अकरावीत : डबा कुणाबरोबर खायचा?

वर्ष-दोन वर्षं पुढे गेलेल्या हुशार मुलाला कॉलेजात अभ्यास जड जात नाही, मधली सुट्टी जड जाते. पहिल्या दोन आठवड्यांत डब्याला सोबत मिळाली नाही, तर मूल जिन्यात बसून एकटंच खायला लागतं आणि मग ती सवय सुटता सुटत नाही. म्हणून तयारी डब्यापासून करा. दोन पोळ्या आणि भाजी जास्त द्या. पहिल्या दिवसापासून मधल्या रांगेतला एकच बाक धरायला सांगा. रोज जागा बदलली की ओळखी होत नाहीत, आणि अगदी पुढे बसलं तर फक्त सर दिसतात.

सायन्सला खरी संधी प्रॅक्टिकलमध्ये असते, कारण तिथे जोडीदार आयता मिळतो. टायट्रेशनला, म्हणजे रंग बदलेपर्यंत थेंबथेंब द्रावण सोडायच्या प्रयोगाला, एकाने ब्युरेटची (आकडे असलेल्या उभ्या काचनळीची) तोटी सांभाळायची, दुसऱ्याने फ्लास्क हलवत राहायचं, आणि फिकट गुलाबी रंग टिकला की दोघांनी रीडिंग बघायचं. हुशार मूल इथे हमखास चुकतं. दोन्ही कामं स्वतःच उरकतं, जोडीदार नुसता उभा राहतो आणि पुढच्या वेळी दुसरीकडे सरकतो. तोटी त्याच्या हातात द्यायला शिकवा, दोन थेंब जास्त पडले तरी चालतील. उंची कमी असेल तर रीडिंग खालून बघितलं जातं आणि आकडा जास्त येतो. ब्युरेट धरणारा क्लॅम्प खाली घ्यायचा किंवा स्टूल मागायचं, त्यात लाजण्यासारखं काही नाही.

वर्गात प्रत्येक प्रश्नाला हात वर करू नये, तासाला दोनदा पुरे. जर्नल उतरवायला मागणारे लवकरच येतील. ‘उतरवायला देत नाही, पण दुपारी बस, मिळून करू,’ हे उत्तर घरी मुलाकडून दोन-तीनदा मोठ्याने म्हणवून घ्या, कारण ऐन वेळी तोंडातून ‘घे’ असंच निघतं. बसायला जे येतील, त्यांच्याशी मैत्री वाढवावी.

‘पिल्लू’ म्हणून हाक मारली तर पहिल्यांदा हसून आपलं नाव सांगावं. पण कुणी पाणी आणायला, बॅगा उचलायला पिटाळू लागलं, तर वर्गशिक्षकांना तुम्ही भेटा, आणि वर्गातल्या मुलांसमोर भेटू नका.

गाडीचा नियम आधीच ठरवा. सोळाव्या वर्षी फक्त ५० सीसीपर्यंतच्या बिनगिअरच्या गाडीचं लायसन्स मिळतं, बाकी दुचाकीला १८ पूर्ण लागतात. त्यामुळे वर्गमित्राच्या मागे बसायचं नाही, ट्रिपल सीट तर नाहीच. रविवारी मिसळ खायला जायचं ठरलं तर ‘मी सिटीलिंकच्या बसने येतो, तिथेच भेटू’ म्हणावं. जाऊ मात्र द्या, पैसेही द्या. नाशिकजवळच्या सोमेश्वर धबधब्यावर किंवा गंगापूर धरणावर पाण्यात उतरायचं नाही, एवढी एक अट घाला.

सगळी मैत्री कॉलेजातच मिळायला हवी असं नाही. शाळेतल्या सोबत्यांबरोबर संध्याकाळचं क्रिकेट मोडू नका, आपल्या वयाच्या मुलांत भांडायची-रुसायची मुभा तिथेच असते. बुद्धिबळाचा क्लासही चांगला, ग्रँडमास्टर विदित गुजराथीच्या नाशकात तो शोधावा लागत नाही. पटासमोर दहा वर्षांचा आणि वीस वर्षांचा सारखेच बसतात.

डबा तसाच परत येऊ लागला, सोमवारी सकाळी पोट दुखू लागलं आणि हे दोन-तीन आठवडे चाललं, तर ‘एवढा हुशार असून’ हे शब्द तोंडातून काढू नका. आधी ऐकून घ्या आणि मग समुपदेशकाची वेळ घ्या.