सरकारी लग्नाचं विनोदी नाटुकलं कसं लिहायचं
गणपतीत नायतर गॅदरिंगला पंधरा मिनिटांचं हसरं काहीतरी बसवायचंय ना, मग हा विषय घ्या, भविष्यात लग्नं सरकारच जुळवतंय. आपल्या सांगलीत १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी केलं ते सीतास्वयंवर, म्हणजे लग्नाची अट राजाने घालायची ही गोष्ट इथल्या स्टेजला नवी नाहीच.

आधी खरा कायदा वाचा, सगळी गंमत तिथूनच निघते. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात ३० दिवसांची नोटीस, ३ साक्षीदार, आणि नोटिशीपासून ३ महिन्यांत लग्न झालं नाही तर परत नवी नोटीस. हेच फक्त ताणायचं. नोटीस ३० वर्षांची करा, नवरानवरी काठी टेकत येतात आणि साहेब म्हणतात, साक्षीदार वारले, नवे आणा. कांदेपोहे खायला तलाठी. हळद रेशनवर, आणि ती पण सांगलीत! मार्केट यार्डातली माणसं नुसत्या या वाक्याला हसतील.

एक मात्र पोटतिडकीने सांगतो, साहेबांना व्हिलन करू नका, ते मनापासून मदत करतायत असंच दाखवा, हसू तिथं जास्त येतं. मंगलाष्टकांच्या जागी टोकन नंबरचा पुकारा घ्या, सगळ्यांनी मिळून म्हटला की एका माइकवर पण भागतं.