डार्बीचं पोटाचं भांडं वाळूत ओतायचं तर

इंग्लंडच्या अब्राहम डार्बीनं १७०७ साली पेटंट घेतलं ते बिडाची पोटफुगी भांडी निव्वळ वाळूत ओतण्याचं. त्याआधी मातीचा साचा थरावर थर लिंपून वाळवावा लागे. १७०९ साली त्यानं इंग्लंडातल्या कोलब्रुकडेलला कोकवर (भाजलेल्या दगडी कोळशावर) भट्टी चालवली. कोकच्या बिडात सिलिकॉन जास्त, म्हणून पातळ भिंत नीट भरते आणि पांढरी, म्हणजे कडक-ठिसूळ, पडत नाही. कोल्हापूरच्या उद्यमनगर-शिरोलीतल्या मोल्डरला (साचे लावणाऱ्याला) यात नवं काही नाही. अडचण आहे ती पोटाची आणि तीन पायांची.

पॅटर्न (साचा उठवायचा नमुना) भांड्याच्या उभ्या मध्यातून दोन फाडी करून घ्या, म्हणजे पोट वाळूत अडकत नाही. आकसण्यासाठी मीटरला १० मिमी वाढवा, ड्राफ्ट (पॅटर्न सुटायला दिलेला उतार) १ ते २ अंश. एक पाय पार्टिंग लाइनवर, म्हणजे साच्याच्या दोन अर्ध्यांच्या सांध्यावर, घ्या. उरलेले दोन लूज पीस (वेगळे निघणारे तुकडे) ठेवा, नाहीतर पॅटर्न उचलताना त्यांच्याखालची वाळू उचकटते.

१०० किलो वाळूला बेंटोनाइट (चिकट माती) ७-८ किलो, कोल डस्ट (कोळशाची भुकटी) ४-५ किलो. आधी कोरडं फिरवा, मग पाणी, ओल ३.५ ते ४ टक्के. मुठीत दाबून मोडलं की कडा स्वच्छ तुटायला हवी. जुलै-ऑगस्टात कोल्हापूरची उघडी वाळू आधीच भिजलेली असते, तेव्हा नेहमीच्या मापानं पाणी ओतलं की ब्लो होल (गॅसची भोकं) ठरलेलेच! ओल कमी पडली तर वाळू झडते.

ठोकणी घट्ट हवी, पण पॅटर्नलगत दगड करू नका. गॅसला वाट राहत नाही. व्हेंटची (गॅस जायच्या भोकाची) सळई पॅटर्नपासून १० मिमी अलीकडेच थांबवा.

खरी मेख कोअरची, म्हणजे भांड्याची पोकळी राखणाऱ्या वाळूच्या गाभ्याची. भांडं साच्यात आडवं असतं, म्हणजे कोअर फक्त तोंडाकडच्या प्रिंटवर (साच्यात टेकणाऱ्या टोकावर) अधांतरी राहतं. बीड वाळूपेक्षा चौपट जड, त्यामुळे ओतताच कोअर वर उचललं जातं आणि वरची भिंत कागदासारखी होते. प्रिंट लांब ठेवा, पोटात खाली-वर चॅपलेट (कोअरला धरणारे धातूचे टेकू) द्या, आणि कोअरचं व्हेंट प्रिंटमधून बाहेर काढा. चॅपलेट गंजलेलं असेल तर तिथेच ब्लो होल येतो.

५ मिमी भिंतीला मेटल १३८० ते १४०० अंशांना, एका दमात. लॅडल (ओतायचं पात्र) मध्येच थांबलं की कोल्ड शट, म्हणजे धातू न जुळल्याची चीर. साच्याच्या बॉक्सवर वजन ठेवायला विसरू नका.

पहिला नग मध्यातून कापून वर-खालची भिंत मापा. फरक १ मिमीहून जास्त निघाला तर पुढचा साचा लावण्याआधी वरच्या चॅपलेटची उंची तपासा.