अण्णांच्या टीव्हीवरचं पाचवं नाव

दिवाळीत साताऱ्याला माहेरी गेले, तर टीव्हीवरच्या सिनेमांच्या ॲपमध्ये आमच्या चार नावांशेजारी पाचवं नाव. अण्णांना वाटलं मी टाकलं, मला वाटलं दादाने. कुणीतरी परकं माणूस आमच्या पैशांवर सिनेमे बघत होतं.

अण्णांचा पासवर्ड सगळीकडे एकच. एखाद्या जुन्या साइटवरून मेल-पासवर्डची यादी फुटली, की चोर तीच जोडी प्रोग्रामने शेकडो ठिकाणी लावून बघतात. नोव्हेंबर 2019 मध्ये डिस्ने प्लस ही सिनेमे-मालिकांची सेवा सुरू झाली आणि काही दिवसांतच हजारो खाती विकायला निघाली. आमची यंत्रणा फुटलेली नाही, असं कंपनीने तेव्हा सांगितलं होतं. आपला मेल अशा फुटलेल्या याद्यांत आहे का, ते ‘हॅव आय बीन पोन्ड’ या साइटवर टाकून बघा. अण्णांचा तिथे सापडला.

सुरुवात मेलपासून करा. ‘पासवर्ड विसरलात?’ची लिंक तिथेच येते, म्हणून मेल ज्याच्या हातात, त्याच्या हातात सगळंच. जीमेलला टू-स्टेप व्हेरिफिकेशन लावा, म्हणजे पासवर्डनंतर आणखी एक खातरजमा, उदाहरणार्थ फोनवरचा कोड. प्राइम व्हिडिओसाठी ॲमेझॉनच्या खात्यालाही ते लावता येतं.

मग प्रत्येक सेवेला वेगळा, लांब पासवर्ड. नातवाचं नाव आणि जन्मसाल नको. एकमेकांशी संबंध नसलेले चार शब्द घ्या. अण्णांना लक्षात राहत नाही, म्हणून मी ते वहीत लिहून कपाटात ठेवले. लांबून चोरी करणाऱ्याचा हात त्या वहीपर्यंत पोचत नाही.

यानंतरची पायरी बरेच जण विसरतात: सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट. नुसता पासवर्ड बदलला, तर आत बसलेला माणूस आतच राहू शकतो. नेटफ्लिक्सवर हे खात्याच्या सेटिंगमध्ये मिळतं. घरच्या टीव्हीवर पुन्हा लॉगिन करावं लागेल, तेवढा त्रास घ्या.

‘पेमेंट अडकलंय, कार्ड अपडेट करा’ असा मेसेज आला तर लिंक दाबू नका, ॲप उघडून बघा. पत्त्यात सुरुवातीला नेटफ्लिक्स असलं तरी फसू नका. खरा मालक पहिल्या एकेरी तिरक्या रेघेच्या (/) लगेच आधी असतो. ‘नेटफ्लिक्स डॉट कॉम डॉट अमुक डॉट इन्फो’ हा पत्ता अमुकचा. कार्डाचे पैसे गेलेच, तर बँकेला कळवा आणि लगेच 1930 या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला फोन लावा.

हॉटेलच्या टीव्हीवर लॉगिन केलंत, तर खोली सोडताना साइन आउट करा. विसरलात, तर घरी येऊन सगळ्या डिव्हाइसवरून बाहेर पडा.