कोचचं करिअर कसं वाचायचं : हेन्रिक कास्पेर्चाकचं उदाहरण घेऊन

कुठल्याही फुटबॉल कोचबद्दल बोलणं निघालं की पहिला प्रश्न ठरलेला, ट्रॉफ्या किती? तो आकडा कळला की विषय संपला असं लोक धरून चालतात. मला हे अजिबात पटत नाही, कारण त्या आकड्यातून कोचच्या हातात काय दिलं होतं, त्याने त्याचं काय केलं आणि तो तिथून का गेला यातलं काहीच कळत नाही. म्हणून एखाद्या कोचचं करिअर नीट कसं वाचायचं ते लिहितोय. उदाहरणाला मुद्दाम पोलंडचा हेन्रिक कास्पेर्चाक घेतलाय, कारण हा माणूस खेळाडू म्हणून वर्ल्ड कपात तिसऱ्या नंबरवर आला, मग 1979 पासून 2017 पर्यंत फ्रान्स, आफ्रिका, पोलंड असं फिरत कोचिंग केलं, आणि तरी आपल्याकडे त्याचं नाव फारसं कुणी घेत नाही. एक वही घ्या, पेन घ्या, आणि सावकाश करा, एका बैठकीत होणारं काम नाही हे.

आधी नाव नीट वाचायला शिका. हे बिनमहत्त्वाचं वाटेल पण पोलिश नावं इंग्रजीसारखी वाचली तर जुन्या मॅचची पोलिश कॉमेंट्री ऐकताना कोण कोण ते ओळखूच येत नाही. सी आणि झेड एकत्र आले की आपल्या 'चिमणी'तला च, म्हणून कास्पेर्चाक. नुसता सी आला की 'चोर'मधला च, म्हणून तो ज्या गावात खेळला ते मिएलेत्स. (हे दोन वेगळे च मराठी माणसाला शिकवायला लागत नाहीत, आपल्याकडे दोन्ही आहेतच.) 'ओ' या अक्षरावर तिरपी रेघ असेल तर उ, म्हणजे त्याचा राष्ट्रीय कोच गोर्स्की नाही, गुर्स्की. एलला आडवी रेघ मारलेली असेल तर व, म्हणून क्राकुफचा क्लब विस्ला नाही, विस्वा. आणि हो, फ्रान्समधला त्याचा क्लब लिहितात मेट्झसारखा पण म्हणतात मेस.

मग खेळाडू म्हणूनचं आयुष्य. बरेच जण हा भाग गाळतात आणि थेट कोचिंगवर येतात, तसं करू नका, पुढच्या सगळ्याची मुळं इथेच असतात. कास्पेर्चाकचा जन्म 10 जुलै 1946 चा, झाब्झेचा, म्हणजे कोळशाच्या खाणींच्या मुलखातला. नाव झालं स्ताल मिएलेत्समध्ये, हा विमानांच्या कारखान्याच्या आधाराने उभा राहिलेला क्लब, गाव लहान पण 1973 आणि 1976 ला लीग जिंकली आणि संघात ग्झेगोश लातो, यान दोमार्स्की असले लोक. कास्पेर्चाक मिडफिल्डर. आता इथे एक मॅच शोधून बघाच, 17 ऑक्टोबर 1973, वेम्बली, इंग्लंडला 1974 च्या वर्ल्ड कपला जायला जिंकणं भाग होतं आणि पोलंडला ड्रॉ पुरत होता. 1-1 झाली, दोमार्स्कीचा गोल, गोलकीपर तोमाशेफ्स्कीने काय काय अडवलं ते सगळ्यांना माहीत आहे. पण तुम्ही गोलकीपर बघू नका, बॉलपण बघू नका, पंधरा-वीस मिनिटं फक्त कास्पेर्चाकवर नजर ठेवा, तो कुठे उभा राहतो, कधी मागे येतो, बॉल मिळाला की लातो आणि गादोखा या दोन विंगरांकडे खेळ कसा जातो. मिडफिल्डर पुढे कोच झाला की त्याला मैदान कसं दिसत असेल याचा अंदाज अशा बघण्यातून येतो, आकड्यातून नाही.

1974 ला पश्चिम जर्मनीत पोलंड तिसरा, शेवटच्या मॅचमध्ये ब्राझीलला 1-0. 1976 ला माँट्रिऑल ऑलिम्पिकमध्ये फायनलला पूर्व जर्मनीकडून 3-1 हरले, सिल्व्हर. 1978 चा अर्जेंटिनातला वर्ल्ड कपपण तो खेळला, आणि त्यातली एक गोष्ट वहीत वेगळी लिहून ठेवा, पोलंडने ट्युनिशियाला 1-0 हरवलं, गोल लातोचा. पुढे लागणार आहे. एकूण 61 आंतरराष्ट्रीय मॅच. त्या काळी पोलंडचं सरकार खेळाडूंना साधारण तिशीपर्यंत बाहेरच्या देशात खेळायला सोडत नसे, त्यामुळे कास्पेर्चाक 32 व्या वर्षी मेसला पोचला, आणि पुढच्याच वर्षी, 1979 ला, त्याच क्लबचा कोच झाला.

इथून पानावर रकाने पाडा. चारच पुरे : कधी आला, कधी गेला, आला तेव्हा संघाची अवस्था काय होती, का गेला. पहिल्या दोन रकान्यांत नुसतं वर्ष लिहायचं नाही, महिना लिहायचा. युरोपात सीझन ऑगस्टच्या आसपास सुरू होऊन मे-जूनला संपतो, त्यामुळे '1984' एवढंच लिहिलं तर तो कुठला सीझन ते कळत नाही आणि श्रेय चुकीच्या माणसाला जातं. मी स्वतः इथेच फसलो होतो. मे 1984 मध्ये मेसने मोनाकोला एक्स्ट्रा टाइममध्ये 2-0 हरवून पहिल्यांदा फ्रेंच कप जिंकला, कोच कास्पेर्चाक. आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मेसने बार्सिलोनाला कॅम्प नोवर 4-1 हरवलं, घरची मॅच 4-2 ने हरलेले असताना, टोनी कुर्बोसची हॅटट्रिक, आणि कितीतरी दिवस मी हा विजय कास्पेर्चाकच्या खात्यात धरत होतो. पण तो उन्हाळ्यातच सेंट एतिएनला गेला होता आणि कॅम्प नोवर बेंचवर होता मार्सेल हुसों. संघ बांधण्यात कास्पेर्चाकचा हात होता असं म्हणा, ते मला मान्य आहे, पण विजय हुसोंचा. महिना लिहिला असता तर ही चूक झालीच नसती.

तिसरा रकाना सगळ्यात महत्त्वाचा, त्यावर वेळ घालवा. सेंट एतिएन म्हणजे सत्तरच्या दशकातला फ्रान्सचा दादा क्लब, पण कास्पेर्चाकच्या हातात आला तेव्हा नुकताच खालच्या डिव्हिजनला घसरलेला. 1986 ला तो त्यांना परत वर घेऊन आला. ट्रॉफ्यांच्या यादीत हे कुठेच दिसणार नाही आणि माझ्या मते मेसच्या कपाइतकंच हे काम मोठं आहे.

त्याहून बोलकं उदाहरण पॅरिसचं. तिथल्या रेसिंग क्लबमध्ये मात्रा कंपनीने खूप पैसा ओतला होता, मग 1989 ला कंपनीने हात काढून घेतला, नाव बदलून क्लब झाला रेसिंग पॅरिस 1, आणि अशा वेळी कोच म्हणून आला कास्पेर्चाक. (कंपनी निघून गेली की क्लबचं काय होतं हे मुंबईकरांना सांगायला नको, 2010 ला महिंद्रा युनायटेड कसा बंद झाला ते आपण बघितलंय.) 1989-90 ला रेसिंग लीगमधून खाली गेला. आता नुसतं हेच वाचलं तर तुम्ही म्हणाल कोच नापास. पण त्याच सीझनमध्ये हाच संघ, ज्यात तरुण दाविद जिनोला होता, फ्रेंच कपच्या फायनलला पोचला आणि माँपेलिएकडून एक्स्ट्रा टाइममध्ये 2-1 हरला. आणि पुढे त्याला नोकरी कुणी दिली? माँपेलिएने! कोचची खरी किंमत बघायची एक साधी खूण मी हीच मानतो, की समोर खेळून गेलेले लोक त्याला बोलावतात का. 1990-91 ला त्याच्या हाताखाली माँपेलिए कप विनर्स कपच्या, म्हणजे आपापल्या देशाचा कप जिंकलेल्या युरोपातल्या क्लबांच्या स्पर्धेच्या, क्वार्टर फायनलपर्यंत गेले, तिथे मँचेस्टर युनायटेडकडून हरले. त्या संघात कार्लोस वाल्देरामा होता, हे नावपण वहीत वेगळं लिहा.

स्ट्रासबर्ग, लील या फ्रान्समधल्याच क्लबांचीही नोंद करा पण मी तिथे रेंगाळत नाही.

आफ्रिकेकडे येताना रकाने तेच ठेवा, फक्त एक समजून घ्या, राष्ट्रीय संघाचा कोच रोज ट्रेनिंग घेत नसतो, त्याला थोडे दिवस मिळतात आणि निकाल स्पर्धेवर ठरतो, त्यामुळे क्लबची फूटपट्टी इथे लावू नका. 1994 चा आफ्रिका कप ट्युनिशियात होता. यजमान पहिल्याच मॅचला मालीकडून 2-0 हरले आणि पहिल्या फेरीतच बाहेर. तिथेच आयव्हरी कोस्टला घेऊन तिसरा नंबर कुणी मिळवला, तर कास्पेर्चाकने. ट्युनिशियाच्या लोकांनी हे डोळ्यांसमोर बघितलं आणि त्याच वर्षी त्यालाच कोच नेमलं. परत तीच खूण. दोन वर्षांत, 1996 ला, पहिल्या फेरीत बाहेर पडलेला हा देश आफ्रिका कपच्या फायनलला, सेमीफायनलमध्ये झांबियाला 4-2, फायनल दक्षिण आफ्रिकेकडून त्यांच्याच घरी 2-0 हरले. मग 1998 च्या वर्ल्ड कपला पात्र, म्हणजे 1978 नंतर पहिल्यांदा, आणि 1978 ला त्यांना हरवणाऱ्या पोलंडच्या संघातला माणूस आता त्यांचा कोच! खेळाडूचा भाग गाळायचा नाही म्हणालो ते यासाठी.

त्या वर्ल्ड कपात इंग्लंडकडून 2-0, कोलंबियाकडून 1-0, आणि तिसरी मॅच व्हायच्या आत त्याला काढून टाकलं. चौथ्या रकान्यात इथे 'काढलं' एवढंच लिहू नका, सोबत इतरांचंही बघा : त्याच स्पर्धेत सौदीने कार्लोस आल्बेर्तो परेराला आणि दक्षिण कोरियाने चा बुम-कुनलापण मधेच काढलं. परेरा तर चारच वर्षांपूर्वी ब्राझीलला वर्ल्ड कप जिंकून देणारा. म्हणजे हाकलला जाणं हा कोचच्या लायकीचा पुरावा नाही, किमान एकट्याने नाही. उलट कास्पेर्चाक 2015 ला परत ट्युनिशियालाच आला, 2017 च्या आफ्रिका कपच्या क्वार्टर फायनलला बुर्किना फासोकडून हरला, मग गेला. 2018 च्या वर्ल्ड कपच्या पात्रता फेरीतल्या पहिल्या दोन्ही मॅच त्याच्या हाताखाली जिंकलेल्या, रशियाला मात्र संघ घेऊन गेला नबिल मालूल. हे श्रेय अर्धं-अर्धं लिहा.

मालीची नोंद 2002 ची, घरच्या आफ्रिका कपात चौथा नंबर. सेनेगलची 2008 ची, स्पर्धा चालू असताना अंगोलाकडून 3-1 हरल्यावर स्वतःच राजीनामा. इथे 'काढलं' आणि 'सोडलं' वेगळ्या शाईने लिहा, फरक मोठा आहे.

आता पोलंड. मार्च 2002 मध्ये तो विस्वा क्राकुफला आला, त्याच वसंतात पोलिश कप, 2003 ला लीग आणि कप दोन्ही, 2004 ला परत लीग. पण मला विचाराल तर 2002-03 चा यूएफा कप, म्हणजे युरोपातल्या क्लबांची स्पर्धा, बघा. इटलीच्या पार्माकडे 2-1 हरून घरी एक्स्ट्रा टाइममध्ये 4-1. शाल्केशी घरी 1-1 आणि मग जर्मनीत जाऊन 4-1! रोममध्ये लाझिओशी 3-3, आणि शेवटी क्राकुफमध्ये 2-1 ने हार. संघात झुराफ्स्की, कोसोफ्स्की, शिम्कोव्याक, नायजेरियाचा कालू उचे. ट्रॉफी शून्य, पण मला त्याच्या कोचिंगमधलं सगळ्यात जास्त आवडणारं हेच. नंतरचं वाईटपण तितक्याच प्रामाणिकपणे लिहा, चॅम्पियन्स लीगच्या पात्रतेत एकदा आंदरलेख्ट, एकदा रेआल माद्रिदने अडवलं, यूएफा कपात नॉर्वेच्या व्होलरेंगाकडून पेनल्टीवर आणि पुढच्या वर्षी दिनामो त्बिलिसीकडून बाहेर. 2004 च्या शेवटी गेला. 2005 ची लीग विस्वानेच जिंकली, वसंतात कोच वेर्नर लिच्का, पण त्याआधीचा अर्धा सीझन कास्पेर्चाकचा, मग ती कुणाची? माझ्या वहीत दोघांची नावं आहेत. 2008-09 चा गुर्निक झाब्झे, म्हणजे जन्मगावचा क्लब, त्या सीझनला खाली गेला, तेही लिहा. आणि एक ओळ मोकळी सोडा, पोलंडच्या राष्ट्रीय संघाची, कारण तो त्यांचा कोच कधीच झाला नाही. मला हे खरंच लागतं.

सगळं भरून झालं की शेवटचं काम, वेगळ्या लिहिलेल्या गोष्टी एकमेकांना जोडून बघा, खेळाडू, गाव, मैदान. 1998 ची ती कोलंबियाविरुद्धची मॅच, ज्यानंतर त्याला काढलं, ती झाली 22 जूनला माँपेलिएत, ला मोसोनवर, म्हणजे त्याच्याच जुन्या घरच्या मैदानावर. कोलंबियाचा कॅप्टन होता वाल्देरामा. गोल पडला 82 व्या मिनिटाला, लेइदेर प्रेसिआदोचा. ही मॅच बघायची तर वही पूर्ण झाल्यावरच बघा.