पुढचा पंप चारशे किलोमीटरवर

ओसाड मुलखातून गाडी न्यायची म्हटलं की लोक आधी गाडीबद्दलच विचारतात. फोर बाय फोर हवीच का, टायर कुठले घेऊ, टपावर कॅरिअर लावू का. मी उलट विचारते: दिवसातून किती वेळा खाली उतरायची तयारी आहे? टायरला हात लावून बघायला, ओढ्यात काठी घालून खोली मोजायला, पुढची वाळू तुडवून बघायला. एसीची हवा जाईल म्हणून काचसुद्धा खाली न करणाऱ्या माणसानं या रस्त्यांना जाऊच नये. गाडी कितीही भारी असली तरी.

इंधनाचा हिशेब घरी बसून होतो, म्हणून तो आधी. समजा दोन पंपांमधलं अंतर ४०० किलोमीटर आहे आणि तुमची गाडी डांबरी रस्त्यावर लिटरला १२ देते. भरलेली गाडी, खालचा गिअर, वाळू आणि समोरचा वारा असेल तर ती ८ च देईल असं धरा. झाले ५० लिटर. बरेच जण हिशेब इथेच संपवतात. पण ३०० किलोमीटर गेल्यावर पूल वाहून गेलेला दिसला तर? उलटं फिरायचं, म्हणजे एकूण ६०० किलोमीटर आणि ७५ लिटर. टाकी ६० ची असेल तर २० लिटरचा एक डबा बरोबर हवाच. ही काही कल्पनेतली अंतरं नाहीत. अलास्कातल्या डाल्टन हायवेवर कोल्डफूट सोडलं की डेडहॉर्सपर्यंत सुमारे ३८५ किलोमीटर एकही पंप लागत नाही.

डबा काठोकाठ भरू नका, उन्हात इंधन फुगतं. भरताना तो गाडीत किंवा टपावर ठेवून भरू नका; खाली जमिनीवर ठेवा आणि नळीचं तोंड डब्याच्या तोंडाला टेकवून धरा. प्लॅस्टिकच्या अस्तरावर ठेवलेल्या डब्यात स्थिर वीज साठते आणि एका ठिणगीचं काम असतं. भरलेला डबा माणसं बसतात तिथे ठेवायचा नाही, वासानं डोकं तर उठतंच, आगीचा धोकाही आहे. आणि टाकी अर्धी असली तरी दिसेल त्या पंपावर भरा. पुढच्या पंपावर साठा संपलेला असू शकतो, वीज नसू शकते, कार्डाचं यंत्र बंद असू शकतं. सुटे पैसे जवळ ठेवा.

पाण्याबाबत मी हट्टी आहे. उष्ण प्रदेशात माणशी रोजचे किमान ५-६ लिटर धरा, आणि ठरलेल्या दिवसांवर वर तीन दिवस. दोघांना दोन दिवसांचा रस्ता असेल तर साठ लिटर. म्हणजे साठ किलो, आणि ते ओझं टपावर नाही, खाली, पुढच्या आणि मागच्या चाकांच्या मध्ये. सगळं एकाच टाकीत ठेवू नका. एक तडा गेला की सगळं गेलं. पाच-दहा लिटरचे वेगवेगळे कॅन बरे. रेडिएटरसाठीचं पाणी किंवा कूलंट वेगळं, खूण करून. आणि तापलेल्या रेडिएटरचं झाकण उघडायचं नाही. अर्धा तास गेला तरी चालेल, गाडी निवू द्या.

टायर

या विषयावर मी तासभर बोलू शकते, त्यामुळे इथे जरा सैल सोडा.

रस्ता बदलला की टायरमधली हवा बदलायची, एवढं जरी केलंत तरी प्रवास निम्मा सुखाचा होतो. डांबरी रस्त्यावर दाराच्या चौकटीवरच्या स्टिकरला दिलेला आकडा, साधारण ३२ पीएसआयच्या (हवेच्या दाबाचं माप) आसपास. सलग खडी लागली की २५-२८ पीएसआय. मऊ वाळू लागली की १५-१८. हवा कमी केली की टायर जमिनीवर लांबट पसरतो, वजन जास्त जागेवर वाटलं जातं आणि चाक वाळूत खाली जायच्या ऐवजी वरून चालतं. टोकदार दगडावरून जाताना तो फाटायच्या ऐवजी थोडा दबतो. पण हवा कमी तर वेगही कमी, आणि वळणं सावकाश. १५ पीएसआयवर झटक्यात वळलात तर टायर रिममधून निसटू शकतो. डांबर आलं की पुन्हा भरा, आणि भरेपर्यंत वेग वाढवू नका.

हवा योग्य आहे की नाही, हे टायर स्वतः सांगतो. सकाळी गाडी सुरू करायच्या आधी थंड टायर मोजा. तासभर चालल्यावर पुन्हा मोजा. चारेक पीएसआय वाढला असेल तर ठीक. त्याहून बराच जास्त वाढला असेल तर लोकांना वाटतं हवा जास्त झाली, सोडूया. खरं उलटं असतं: सकाळी हवा कमी होती, म्हणून टायर वाकून वाकून तापला आणि दाब चढला. अशा वेळी हवा सोडणं म्हणजे टायर फोडायचीच तयारी. वेग कमी करा, किंवा दुसऱ्या दिवशी सकाळी थोडी जास्त भरा.

म्हणून दोन वस्तू अशा आहेत की त्यांच्यावाचून मी निघत नाही: चांगला दाबमापक आणि बारा व्होल्टचा कॉम्प्रेसर. कॉम्प्रेसर थेट बॅटरीला चिमट्यांनी लावायचा घ्या. सिगारेट लायटरच्या सॉकेटला लावला तर दमदार कॉम्प्रेसर फ्यूज उडवतो. हवा भरताना इंजिन चालू ठेवा, नाहीतर शेवटच्या चाकाला बॅटरी मान टाकेल.

पंक्चर काढायचं साधं किट घ्या आणि घरी जुन्या टायरवर एकदा हात बसवा. टायर ट्यूबलेस असेल तर चाक काढायचीही गरज नसते. साबणाचं पाणी ओता, बुडबुडे येतील तिथे खूण करा. खिळा ओढताना तो कुठल्या कोनात घुसलाय ते नीट बघा, कारण कानस त्याच कोनात घालायची आहे. कानस चार-पाच वेळा आत-बाहेर करून भोक खरवडून घ्या. चिकट दोरी सुईत मधोमध ओवा, सोल्युशन लावा आणि जोर लावून ढकला. दोन्ही टोकं बोटाच्या पेराएवढी बाहेर राहिली की थांबा आणि सुई एका झटक्यात ओढा. हळू ओढलीत तर दोरीही बाहेर येते. उरलेली टोकं कापा, हवा भरा, पुन्हा साबणाचं पाणी. हे फक्त जमिनीला टेकणाऱ्या पट्ट्यावर. टायरच्या बाजूच्या भिंतीला चीर गेली असेल तर दोरीनं भागत नाही, स्टेपनीच लावायची.

आणि स्टेपनी शेवटची कधी तपासलीत? त्यात हवा आहे का, नट तुमच्या पान्यानं सैल होतात का, अलॉय चाकांना कुलपाचा नट असेल तर त्याची चावी गाडीत आहे का. काही गाड्यांना बारीक, तात्पुरतं चाक देतात. ते ताशी ८० च्या वर आणि लांबवर नेण्यासाठी नसतं, खडीवर तर नाहीच. निर्जन रस्त्यावर पूर्ण मापाची स्टेपनी हवी, शक्य असेल तर दोन. जॅकखाली घालायला फूटभर लांबीची जाड फळी ठेवा, नाहीतर वाळूत गाडी वर यायच्या ऐवजी जॅक खाली जातो. चाक बदलल्यावर पन्नासेक किलोमीटरनं नट पुन्हा आवळा.

चालवताना

काही कच्चे रस्ते पन्हाळी पत्र्यासारखे आडव्या वरवंट्यांचे होतात आणि गाडी दात वाजेपर्यंत हादरते. जोरात नेली की ती वरवंट्यांच्या माथ्यावरून तरंगत जाते, हे खरं. पण तेव्हा चाकं जमिनीला जेमतेम टेकलेली असतात आणि वळणावर गाडी हातात राहत नाही. हवा कमी करा, मध्यम वेग धरा, आणि शॉकअॅब्सॉर्बर निवायला मधूनमधून थांबा. थांबलात की टपाचे पट्टे, बॅटरीची पकड आणि नंबरप्लेट हलवून बघा. सगळ्यात आधी हीच सैल होतात.

समोरच्या गाडीची धूळ खाली बसेपर्यंत मागे राहा. धुळीत ओव्हरटेक करणं म्हणजे डोळे मिटून चालवणं. काचा बंद ठेवा आणि पंखा बाहेरच्या हवेवर. आतला दाब किंचित वाढतो आणि धूळ फटींतून कमी शिरते. पहाटे आणि तिन्हीसांजेला जनावरं रस्त्यावर येतात. समोर आलं तर सरळ रेषेत ब्रेक दाबा, स्टिअरिंग झटकू नका. खरं तर अंधार पडायच्या तासभर आधी मुक्काम गाठा. ओसाड रस्त्यावर ताशी तीस-चाळीसची सरासरी धरली तर दिवसाचा अंदाज बरोबर येतो. फोनवरचं पोचायचं वेळापत्रक डांबरासाठी असतं.

पाणी ओलांडायचं असेल तर आधी पायी जा. मगरी असलेला प्रदेश असेल तर अर्थातच नाही. तिथे दुसरी गाडी जाताना बघा, नाहीतर थांबा. जिथून चालत जाता येत नाही तिथून गाडी नेऊ नका. वाहतं पाणी फूटभर असलं तरी लहान गाडी तरंगायला लागते, दोन फूट असलं तर बहुतेक गाड्या वाहून जातात. बर्फाच्या डोंगरातले ओढे पहाटे सगळ्यात उथळ असतात. दुपारी वर बर्फ वितळतो आणि सकाळी घोट्याएवढं असलेलं पाणी मांडीला लागतं. म्हणून दुपारी पोचलात तर अलीकडेच मुक्काम टाका. आत शिरल्यावर खालचा गिअर, एकसारखा संथ वेग, मध्ये क्लच नाही. इंजिन पाण्यात बंद पडलं तर पुन्हा चावी फिरवू नका. सिलिंडरमध्ये पाणी गेलं असेल तर एका स्टार्टात इंजिन कायमचं वाकतं.

वाळूत रुतलात तर अॅक्सिलरेटरवरून पाय काढा. चाकं फिरवत राहाल तेवढी गाडी पोटावर बसत जाईल. हवा आणखी कमी करा, चाकांपुढची आणि गाडीच्या पोटाखालची वाळू फावड्यानं काढा, आणि शक्यतो आलात त्याच चाकोरीतून मागे या; ती आधीच दाबली गेलेली असते. दुसरी गाडी ओढणार असेल तर दोर चॅसिसला दिलेल्या ओढायच्या हुकालाच बांधा. ट्रेलर जोडायच्या गोळ्याला कधीच नाही. ताणलेल्या दोरासकट तो गोळा तुटून सुटला की तोफगोळाच होतो, आणि त्यानं माणसं मेलेली आहेत. ओढताना बाकी सगळ्यांनी दोराच्या लांबीच्या दीडपट तरी लांब उभं राहायचं.

निरोप

माझी बहीण शेजारी बसते आणि नकाशा तिच्याकडे असतो, कागदाचाही. फोनचं जीपीएस नेटवर्कशिवाय चालतं, पण नकाशा आधीच उतरवून ठेवला असेल तरच. एरवी फोन फ्लाइट मोडवर, नाहीतर टॉवर शोधण्यात बॅटरी जाते.

निघण्याआधी घरी एका जबाबदार माणसाला लिहून द्या: गाडीचा रंग आणि नंबर, किती जण, कुठला रस्ता, आणि किती वाजेपर्यंत निरोप आला नाही तर कुणाला फोन करायचा. ही शेवटची ओळ नसेल तर तो माणूस दोन दिवस "रेंज नसेल" म्हणत बसतो. रस्ता बदललात तर आधी त्याला कळवा. पोचल्यावर निरोप द्यायचा राहिला तर तुमच्यासाठी शोधपथक निघेल, हेही लक्षात असू द्या.

खरोखर निर्जन मुलखात ४०६ मेगाहर्ट्झचा आपत्कालीन बीकन घ्या. १९८२ पासून चालू असलेली कॉस्पास-सारसॅट ही उपग्रह यंत्रणा त्याचा संदेश पकडते, महिन्याचं शुल्क नाही, आणि तो एकदा चालू केला की किमान चोवीस तास हाक देत राहतो. मात्र तो आपल्या नावावर नोंदवायला हवा आणि बॅटरीची मुदत बघायला हवी. दोन्हीकडून मजकूर पाठवता येणारं उपग्रह यंत्र आणखी सोयीचं, पण त्याला वर्गणी लागते. काही देशांत अशी साधनं परवान्याशिवाय बाळगणं गुन्हा आहे. सीमा ओलांडण्याआधी नियम वाचा, जप्तीच नाही तर अटकही होते.

गाडी बंदच पडली तर

गाडी सोडून चालू लागू नका. विमानातून माणूस दिसत नाही, गाडी दिसते. बॉनेट उघडून ठेवा. उन्हात गाडीच्या आत बसू नका, ती भट्टी होते. ताडपत्री बाजूला ताणून तिच्या सावलीत बसा आणि काम करायचं ते सकाळ-संध्याकाळ. जमिनीवर दगड, कपडे, काय असेल त्यानं मोठं इंग्रजी 'व्ही' अक्षर काढा, दोन-तीन मीटर तरी मोठं: मदत हवी. कुणी जखमी किंवा आजारी असेल तर 'एक्स'. विमानाचा आवाज आला की आरसा चमकवा. रात्री त्रिकोणात तीन शेकोट्या. दिवसा काळा धूर हवा असेल तर स्टेपनी गाडीपासून लांब नेऊन, तिची हवा पूर्ण सोडून, मगच पेटवा. हवा भरलेला टायर आगीत फुटतो. सुकं गवत असेल तर हा विचार सोडून द्या.

बर्फात अडकलात तर गोष्ट वेगळी. तिथे गाडीच्या आतच बसायचं, पण उबेसाठी इंजिन चालू करण्याआधी दर वेळी खाली उतरून सायलेन्सरच्या तोंडावरचा बर्फ काढा. तो अडला की धूर आत येतो, आणि कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो. दहा मिनिटं चालवा, बंद करा, एक काच बोटभर उघडी.

आणि काही कारणानं गाडी सोडावीच लागली, तर काचेला आतून चिठ्ठी लावून जा: कोण, किती जण, किती वाजता निघालो, कुठल्या दिशेनं, बरोबर किती पाणी.