फुलाचे भाग ओळखताना या चुका टाळा

प्रॅक्टिकलला सगळे जास्वंद आणतात, सोपं वाटतं ना, आणि मार्क नेमके तिथेच जातात. मधली लांब दांडी दिसली की पोरं ‘स्त्रीकेसर’ (फुलाचा मादी भाग) लिहून मोकळी. अहो, ती पुंकेसरांचे (नर भागांचे) तंतू चिकटून झालेली नळी आहे, बाहेरून पिवळे परागकोश (परागांच्या पिशव्या) लागलेत ते बघा की, कुक्षीवृंत (स्त्रीकेसराची दांडी) त्या नळीच्या आतून वर जातो आणि टोकाला पाच गोल मखमली ठिपके असतात ती कुक्षी, पराग झेलणारं टोक. पाकळ्या ओढून काढू नका, त्या बुडाशी नळीला जोडलेल्या असतात, सगळंच हातात येतं. देठापासून ब्लेडने उभा काप घ्या, तळाशी अंडाशय (ज्याचं पुढे फळ होतं) लगेच दिसतो. डबल जास्वंद तर आणूच नका, त्यात पुंकेसरांच्याच पाकळ्या झालेल्या असतात, मोजणार काय!

झेंडूचं तर विचारूच नका. ‘खूप पाकळ्यांचं फूल’ असं लिहिणारे दरवर्षी भेटतात. झेंडू, शेवंती, सूर्यफूल, ही एकेक फुलं नाहीतच, बारीक फुलांचा गुच्छ आहे तो. एक ‘पाकळी’ मुळापासून उपटा, खाली लांबट अंडाशय लागलेला दिसेल, म्हणजे ते अख्खं फूल झालं.

बोगनवेलीचा गुलाबी कागदी भाग म्हणजे रंगीत पानं, फूल ते मधलं छोटं पांढरट नळीसारखं. त्याला पाकळ्या नसतात, ती नळी निदलांचीच (पाकळ्यांबाहेरच्या दलांची), पण पुंकेसर-स्त्रीकेसर दोन्ही असतात, म्हणून फूल अपूर्ण पण उभयलिंगी. पूर्ण आणि उभयलिंगी एकच समजणारे इथेच फसतात. पूर्ण म्हणजे चारही मंडलं (निदल, पाकळ्या, पुंकेसर, स्त्रीकेसर) हवीत.

निशिगंधात निदल कुठलं नि पाकळी कुठली शोधत बसू नका, सहाही सारखीच, परिदल म्हणा आणि पुढे चला.

आता परसबागवाल्यांची तक्रार, लाल भोपळ्याला फुलं भरपूर पण फळ धरत नाही. बहुतेक वेळा आधी नुसती नर फुलं येतात, घाबरून खत ओतत बसू नका. मादी फुलाच्या पाकळ्यांखाली इवलासा भोपळा असतो, तो अंडाशयच, पाकळ्यांच्या खाली म्हणून अधःस्थ (जास्वंदीचा वर, तो ऊर्ध्वस्थ). मादी फुलं येऊनही गळत असतील तर सकाळी लवकर नर फूल तोडा, पाकळ्या काढा, परागकोश मादीच्या कुक्षीवर फिरवा. दुधीला हेच संध्याकाळी करायचं, त्याची पांढरी फुलं तेव्हा उमलतात.