ब्रिटिश टीव्हीच्या साहेबांवर लिहिताय? या चुका टाळा

समीर शाह मार्च 2024 मध्ये बीबीसीचे चेअरमन झाले. जन्म औरंगाबादचा, त्यामुळे मराठीत त्यांच्यावर लिहिलं जाणारच. आणि लिहिलं की 'बीबीसीचे प्रमुख' हे शब्द ठरलेले. चेअरमन म्हणजे मंडळाचा अध्यक्ष. रोजचा कारभार आणि संपादकीय जबाबदारी महासंचालकाकडे. कुठल्या चॅनलवर काय लागणार हे वर्षानुवर्षं ज्यानं ठरवलं तो कंट्रोलर आणखी खाली. 'प्रमुख' तिघांनाही खपतो, म्हणून तो काहीच सांगत नाही. 'नियंत्रक' तर नकोच, त्यानं रेशनकार्ड आठवतं. पदाचं नाव देवनागरीत जसंच्या तसं लिहावं आणि अर्ध्या ओळीत काम सांगून मोकळं व्हावं.

'कमिशन'चंही तेच. 'त्यांनी मालिका कमिशन केली' हे वाचून मराठी माणूस दलालीचा हिशेब करायला लागतो. मागवली, मंजूर केली, पैसे लावले, यांपैकी काहीही चालेल. 'निर्मिती केली' तेवढं चालणार नाही. चॅनल 4 हे 2 नोव्हेंबर 1982 ला सुरू झालं तेच मुळी बाहेरच्या कंपन्यांकडून कार्यक्रम घेणारं चॅनल म्हणून. तिथल्या अधिकाऱ्याला निर्माता म्हणणं म्हणजे प्रकाशकाला कादंबरीकार म्हणणं. (ते खासगी चॅनल आहे, हीसुद्धा चूकच. चालतं जाहिरातींवर, मालकी सार्वजनिक.)

खरा घोळ तारखांचा. साहेब ज्या वर्षी खुर्चीत बसले त्या वर्षी जे गाजलं ते त्यांनीच आणलं, असा सरळ हिशेब घाईतली मंडळी मांडतात. मंजुरीपासून पडद्यापर्यंत लेखन, पात्रनिवड, चित्रीकरण, संकलन आणि मग वेळापत्रकात जागा, एवढं सगळं असतं. मोठ्या मालिकेला दीड वर्ष सहज जातं. 'डॉक्टर हू' या जुन्या विज्ञानकथा मालिकेचं पुनरागमन घ्या. बीबीसी वनच्या पहिल्या महिला कंट्रोलर लॉरेन हेगेसी यांनी ते सप्टेंबर 2003 मध्ये जाहीर केलं. पहिला भाग लागला 26 मार्च 2005 ला. तोवर हेगेसींचं जाणं ठरलेलं होतं. त्या टॉकबॅक थेम्स या निर्मिती कंपनीत गेल्या आणि ती कंपनी ज्यांनी चालवली होती ते पीटर फिंचम बीबीसी वनला हेगेसींच्या जागी आले. खुर्च्यांची जवळजवळ अदलाबदलच! दोघांच्याही कारकिर्दीत '2005' हे वर्ष येतं. नुसतं वर्ष लिहिणाऱ्यानं श्रेय कोणाच्या खात्यात टाकायचं?

म्हणून महिना लिहायचा. कागदावर दोन रकाने पाडा: डावीकडे माणसाचा रुजू होण्याचा आणि निघण्याचा महिना, उजवीकडे कार्यक्रमाच्या मंजुरीचा आणि पहिल्या प्रसारणाचा. नव्या कंट्रोलरच्या पहिल्या वर्षातलं यश आधी जुन्याच्या नावावर धरावं, उलट पुरावा मिळाला तरच हलवावं. अपयशालाही तोच न्याय.

फिंचम यांचाच दुसरा प्रसंग हमखास वाकडा लिहिला जातो. 'राणीचा खोटा कार्यक्रम दाखवला म्हणून हकालपट्टी' या एका वाक्यात तीन चुका आहेत. 11 जुलै 2007 ला पत्रकारांना दाखवली गेली ती आगामी माहितीपटाची झलक; प्रसारित झालेला कार्यक्रम नव्हे. त्यात राणी छायाचित्रकारावर चिडून निघून जाते असं दिसत होतं. प्रत्यक्षात ते दृश्य ती फोटोसाठी आत जात असतानाचं होतं, तुकड्यांचा क्रम उलटा लागला होता. ती जोडणी आरडीएफ या निर्मिती कंपनीकडची, फिंचम यांची नाही. त्यांच्यावर बोट आलं ते वेगळ्या कारणानं: गडबड संध्याकाळीच कळूनही खुलासा दुसऱ्या दिवशीवर ढकलला गेला आणि तोवर सकाळचे पेपर छापून झाले होते. 12 जुलैला बीबीसीची माफी, 5 ऑक्टोबरला विल वायट यांचा चौकशी अहवाल आणि त्याच दिवशी फिंचम यांचा राजीनामा. आरडीएफच्या स्टीफन लँबर्ट यांनीही पद सोडलं. हकालपट्टी नाही, राजीनामा.

आणि 'इथेच कारकीर्द संपली' असं लिहून पूर्णविराम देण्याची हौस आवरा. 2008 मध्ये फिंचम बीबीसीच्या प्रतिस्पर्धी आयटीव्हीचे डायरेक्टर ऑफ टेलिव्हिजन झाले आणि 2016 पर्यंत राहिले. या धंद्यात राजीनामा बऱ्याचदा पत्ता बदलल्याची नोंद असते, पुढची दोन पानं वाचल्याशिवाय शेवट लिहू नये.

'ऐंशीच्या दशकात ते आयटीव्हीचे प्रमुख होते' असं कोणाबद्दलच लिहू नका. तेव्हा आयटीव्ही हे प्रादेशिक कंपन्यांचं जाळं होतं. एकट्या लंडनमध्ये दोन कंपन्या: सोमवारपासून थेम्स आणि शुक्रवार संध्याकाळपासून एलडब्ल्यूटी. ग्रॅनडा आणि कार्लटन या त्या जाळ्यातल्या कंपन्या एक होऊन आयटीव्ही पीएलसी झाली ती 2004 मध्ये.

निसर्गपटांमुळे माहीत असलेल्या डेव्हिड अ‍ॅटनबरो यांनी बीबीसी टू सुरू केलं नाही. ते 20 एप्रिल 1964 ला मायकल पीकॉक यांच्या हाताखाली सुरू झालं आणि पहिल्याच रात्री वीज गेल्यानं फजिती झाली. अ‍ॅटनबरो 1965 मध्ये कंट्रोलर म्हणून आले; रंगीत प्रसारण त्यांच्या काळातलं, 1 जुलै 1967, विम्बल्डन. आणि ते 'सर डेव्हिड', 'सर अ‍ॅटनबरो' कधीच नाही.

प्रेक्षकसंख्येचा आकडा देताना तो रात्रीचा (त्याच रात्री पाहणाऱ्यांचा) की सात दिवसांचा, हे आधी बघा. नव्या 'डॉक्टर हू'च्या पहिल्या भागाचा रात्रीचा आकडा सुमारे 99 लाख, रेकॉर्ड करून पाहणारे धरून 1 कोटी 8 लाख. एका साहेबाचा रात्रीचा आणि दुसऱ्याचा सात दिवसांचा आकडा शेजारी ठेवून 'प्रेक्षक वाढले' म्हणणारे लेख दर महिन्याला येतात.